साडेचारची घंटा

दातांच्या डॉक्टरांच्या बंद घरात भूत आहे, याबद्दल त्या गल्लीत कुणाला शंका नव्हती. वाद होता तो भूत कुणाचं यावर. कोपऱ्यावरच्या सायकलवाल्याच्या मते ते खुद्द डॉक्टरांचं. समोरच्या निवृत्त पोस्टमनना हे साफ नामंजूर होतं. डॉक्टर लेकाकडे जाऊन, औषधपाणी होऊन, रीतसर अंथरुणात गेले होते, ते कशाला परत येतील? हे एखाद्या पेशंटचं भूत असणार, ज्याचा दुखरा दात सोडून शेजारचा उपटला गेला. घंटेबद्दल मात्र दोघांचं एकमत होतं. दुपारी बरोब्बर साडेचारला त्या कुलूपबंद घरातून घंटा वाजायची. डॉक्टर पुढच्या पेशंटला आत बोलवायला टेबलावरची घंटा वाजवत, ती हीच, असं पोस्टमन शपथेवर सांगायचे. हल्ली तर ते आपलं मनगटी घड्याळही त्या घंटेबरहुकूम लावून घेत.

ही चर्चा चालू असली की धाकटी मान खाली घालून पुढे निघून जायची. कारण भूत ती होती.

धाकटी सोळा वर्षांची. दिसायला काटकुळी, डोळ्यांखाली काळी वर्तुळं, त्यामुळे भुताच्या कामाला तशी शोभली असती. पण घाबरवायचं तर सोडाच, तिला कुणाशी बोलायचंही त्राण नसे. तिला झोप हवी होती. बाकी सगळी मुलं या वयात काय काय मागतात, रुसतात, दारं आपटतात. हिला दीड तास झोप हवी होती, आणि ती मिळवायला तिला भूत व्हावं लागलं होतं.

गल्लीच्या मागच्या बाजूला तिच्या आईची लाँड्री होती. वडील गेल्यापासून आई, थोरली आणि धाकटी अशा तिघी मिळून ती ओढत होत्या. मोठ्या दवाखान्याच्या आणि स्टेशनजवळच्या लॉजच्या चादरी तिथे धुवायला यायच्या. चादर धुवायला मशीन आहे, वाळवायला मशीन आहे, पण घडी घालायला माणूस लागतं, आणि तेही दोन. एकीने दोन टोकं धरायची, दुसरीने दोन, ताणायची, झटका द्यायचा, टोकाला टोक मिळवायचं आणि एकमेकींकडे चालत यायचं. असं दिवसाला दोनशे वेळा. दीड वर्षापूर्वी थोरलीचं लग्न झालं आणि चादरीची दुसरी बाजू धाकटीच्या हातात आली. पहाटे चारला दवाखान्याचा गठ्ठा, मग शाळा, संध्याकाळी पाचला लॉजचा गठ्ठा, तो संपेपर्यंत रात्रीचे दहा.

मधल्या वेळात घरी झोपायला काय हरकत होती, असं कुणी विचारेल. घर म्हणजे लाँड्रीच्या मागची खोली. मशीन फिरायला लागलं की भिंत हादरायची, कपाटावरचे पेले वाजायचे. पण तेही चाललं असतं. खरी अडचण आईची होती. आई कधी "ऊठ" म्हणाली नसती. पण पडद्यापलीकडे ती एकटी उभी आहे, इस्त्री उचलतेय, ठेवतेय, कमरेवर हात ठेवून क्षणभर थांबतेय, हे ऐकू यायचं. आई उभी असताना धाकटीला आडवं होता येत नव्हतं. पाठ टेकली की गादीच टोचायची.

सहा महिन्यांपूर्वी वाऱ्याने एक चादर दोरीवरून उडून भिंतीपलीकडे, डॉक्टरांच्या परसात पडली. ती आणायला धाकटी भिंत चढून उतरली. मागच्या दाराची कडी एका खिळ्यावर लोंबत होती. कुतूहल म्हणून ती आत गेली, आणि दवाखान्याच्या खोलीत तिला ती खुर्ची दिसली. दात काढायची खुर्ची, हिरव्या कातड्याची, पाय लांब सोडता येतील अशी, डोक्याला उशी असलेली. धाकटी जरा टेकली. जाग आली तेव्हा दोन तास गेले होते. इतकी गाढ ती वडील गेल्यापासून झोपली नव्हती. त्या दिवशी आईची बोलणी खाल्ली, पण मनातल्या मनात ती खुर्ची तिने आपली करून टाकली होती.

मग मोठ्या दवाखान्याने फाटकी म्हणून टाकलेली एक चादर तिने तिथे नेली, आणि वडिलांचं चावीचं गजराचं घड्याळ. आईला सांगितलं की बाईंनी ज्यादा तास ठेवलाय. तीन वाजता ती भिंत चढायची, गजराची कळ वर करायची आणि साडेचारला जागी होऊन ती दाबायची. आवाज बाहेर जाऊ नये म्हणून सुरुवातीला तिने घड्याळ टॉवेलात गुंडाळून पाहिलं. मग तिलाच जाग येईना. टॉवेल काढला, आणि आठवड्याभरात गल्लीला भूत मिळालं.

सगळं सुरळीत चाललं होतं. पण रेडिओच्या कानावर हे गेलं.

रेडिओ ही धाकटीची वर्गातली मैत्रीण. हिच्या पोटात काही राहायचं नाही, म्हणून हे नाव. मधल्या सुट्टीत तिने धाकटीला आणि बांबूला भिंतीशी ओढलं. बांबू म्हणजे त्यांचा तिसरा. उंचीने दाराला लागणारा, आणि बोलायचा इतकं कमी की रेडिओशी त्याचं छान जमायचं.

"उद्या शाळा सुटली की थेट डॉक्टरांच्या घरात," रेडिओ म्हणाली. "मी व्हिडिओ काढणार. साडेचारची घंटा व्हिडिओत आली ना, तर अख्खी शाळा बघेल. शाळा काय, अख्खं गाव तिथे लोटेल."

धाकटीला पुढचं सगळं दिसलं. अख्खं गाव लोटलं की कुणीतरी ती कडी नीट करणार, कुणीतरी डॉक्टरांच्या मुलाला कळवणार. मग खुर्ची गेली, दीड तास गेला. पुढे दहावीची परीक्षा, आणि त्यापुढे किती वर्षं चादरी, कोण जाणे.

"कशाला उगाच," ती म्हणाली. "साप असतील."

"साप असले तर सापांचा व्हिडिओ."

"मला काम असतं गं."

"पाचला असतं. आम्हाला माहितेय. तीन ते पाच तू काय करतेस ते सांग."

धाकटीने डब्याचं झाकण लावलं. बांबूने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि पुन्हा डबा खायला लागला.

रात्री चादरी ओढता ओढता तिने विचार केला. घंटा वाजायची तर कळ वर करायला भूत लागतं. भूत उद्या पाहुण्यांबरोबर असणार, म्हणजे घंटा वाजणार नाही. साडेचार होतील, पावणेपाच होतील, रेडिओ कंटाळेल, विषय संपेल. पहाटे जाऊन तेवढं घड्याळ आणि चादर उचलून आणली की झालं. बेत चांगला होता. पण पहाटे दवाखान्याचा गठ्ठा दुप्पट आला, त्यात ड्रायर मध्येच रुसला, आणि शाळेची घंटा होईस्तोवर धाकटीला वेणी घालायलाही सवड झाली नाही. शाळा सुटल्यावर रेडिओने जो हात धरला तो भिंतीपर्यंत सोडला नाही.

"मागून जाऊ," बांबू म्हणाला. "पुढून पोस्टमन बघतात."

भिंत चढताना धाकटीने मुद्दाम दोनदा पाय घसरवला. सवयीने चढली असती तर संशय आला असता.

आत दुपारचं पिवळं ऊन धुळीत अडकून पडलं होतं. बाहेरच्या खोलीत पेशंटांचं लाकडी बाक, त्यावर जुन्या मासिकांचा ढीग. काचेच्या कपाटात प्लास्टरच्या कवळ्या मांडलेल्या. रेडिओ फोन पुढे धरून कुजबुजत चालली होती, "मित्रांनो, आपण आता आत आलो आहोत, इथे हवेत एक वेगळाच गारठा आहे." गारठा कसला, सगळ्यांना घाम फुटला होता. बांबू प्रत्येक दारातून वाकून येत होता.

दवाखान्याच्या खोलीत रेडिओ थबकली. "ही बघा ती खुर्ची."

खुर्चीवर चादर पसरलेली होती. काल उशीर झाला म्हणून धाकटीने ती तशीच टाकली होती. घड्याळ खुर्चीमागे जमिनीवर होतं. धाकटी हळूच सरकून त्याच्या पुढ्यात उभी राहिली. रेडिओने चादर ओढली आणि बांबूच्या डोक्यावर टाकली. "हं, भूत हो." बांबूचं भूत गुडघ्यांपर्यंतच झालं, खाली शाळेची पँट. तिघंही हसली, धाकटीही हसली. मग रेडिओने चादर फेकून दिली आणि कवळ्यांचं शूटिंग करायला वळली.

आता इथे धाकटी चुकली. चादर जमिनीवर बोळा होऊन पडली होती, आणि दीड वर्षात तिने एकही चादर अशी पडलेली राहू दिली नव्हती. डोक्याला न विचारता हात पुढे झाले. तिने दोन टोकं उचलली, दुसरी दोन बांबूसमोर केली आणि म्हणाली, "धर."

बांबूने धरली. धाकटीने ताणली, झटका दिला, टोकाला टोक मिळवलं, चालत त्याच्याकडे गेली. तेव्हा तो आपल्या हातातल्या टोकाकडे बघत होता. तिथे लाल धाग्याची दुहेरी गाठ होती. लॉजच्या चादरींना निळा धागा, दवाखान्याच्या चादरींना लाल, ही लाँड्रीची खूण. बांबूची आई त्या दवाखान्यात आया होती. तो तिचा डबा घेऊन रोज जायचा, आणि ती गाठ त्याने शंभरदा पाहिली होती.

बांबूने धाग्यावरून नजर उचलून धाकटीकडे पाहिलं. तिने त्याच्याकडे पाहिलं. खोटं बोलायला काहीतरी सुचायला हवं होतं, पण तिला इतका थकवा आला की विचार करायचाही कंटाळा आला. बांबूने लाल गाठ आत दडेल अशा बेताने टोक तिच्या हातात दिलं.

"आता वर," रेडिओ म्हणाली. "पण कुणीतरी खाली थांबा. कुणी आलं तर शिट्टी मारायची."

"धाकटी थांबेल," बांबू म्हणाला.

दोघं जिना चढून गेली. त्यांची पावलं डोक्यावर इकडून तिकडे फिरत होती. चादर काखेत होती, घड्याळ मागे होतं, ते दप्तरात टाकायला ही नामी वेळ होती. धाकटीने तसं ठरवलंही. घड्याळ उचलायला वाकायचं म्हणून ती खुर्चीच्या कडेला टेकली. एक क्षण.

तिला जाग आली तेव्हा खिडकीतलं ऊन गेलं होतं. चादर तिच्या गळ्यापर्यंत पांघरलेली होती. बूट काढून बाजूला ठेवलेले होते. घरात कसलाही आवाज नव्हता. तिने चाचपडत घड्याळ उचललं. पावणेसात.

धाकटीचं धाबं दणाणलं. पाचचा गठ्ठा, चाळीस चादरी, आणि आई एकटी. दुसरं माणूस नसलं की आई चादरीची दोन टोकं दाराच्या कडीला बांधायची आणि पलीकडून ओढायची. थोरलीच्या लग्नाच्या धामधुमीत तिने आठ दिवस तसं केलं होतं, तेव्हापासून तिचा खांदा वर होत नव्हता. धाकटीने बूट हातात घेतले आणि अनवाणीच भिंत ओलांडली. खुर्चीचं आता काहीही होवो, रेडिओने अख्ख्या गावाला सांगितलेलं असो, तिच्या डोक्यात फक्त ती दाराची कडी होती.

लाँड्रीच्या मागच्या दारात ती थांबली.

आत वाफ होती, दिवे लागले होते. आईने चादरीची दोन टोकं धरली होती आणि पलीकडची दोन बांबूने. त्याचे हात इतके उंच की आईला टाचा उचलाव्या लागत होत्या. "खाली रे बाळा, खाली," आई म्हणत होती, "मी काय पतंग उडवतेय का?" टेबलाशी रेडिओ उशीचे अभ्रे दुमडत होती आणि बाईंपासून शिपायापर्यंत शाळेतल्या सगळ्यांच्या भानगडी सांगत होती. अभ्र्यांचा ढीग एका बाजूला कलला होता.

"आलीस?" आईने मान न वळवता विचारलं. "बाईंनी फारच थांबवलं आज."

"हो ना काकू, विज्ञानाचं राहिलं होतं तिचं," रेडिओ म्हणाली. मग धाकटीजवळ येऊन कानाशी लागली. "व्हिडिओ उडवला. काही नव्हतंच त्यात. नुसती एक मुलगी तोंड उघडं टाकून झोपलेली." थोडं थांबून ती म्हणाली, "मी कुणाला सांगितलं नाही. दोन तास झाले. पोट दुखतंय माझं, पण नाही सांगितलं."

धाकटीने रेडिओच्या हातातला अभ्रा घेतला, नीट दुमडला आणि परत दिला. रडू आलं होतं, पण तिथे वाफेत कुणाला काय दिसणार.

दोघं साडेसातला गेली. त्यांनी घातलेल्या घड्या एकीवर एक ठेवल्या की ढीग कोसळत होता, म्हणून मायलेकींनी वीसेक चादरी पुन्हा उलगडल्या. ताण, झटका, टोकाला टोक.

"ज्यादा तास नसतो ना गं शाळेत?" आई म्हणाली.

धाकटीने चादर ताणून धरली. "नाही."

"तुमच्या बाई पडदे धुवायला टाकायला आल्या होत्या गेल्या महिन्यात. मी विचारलं त्यांना."

"मग बोलली का नाहीस?"

"मला वाटलं, कुणात तरी जीव अडकलाय तुझा. दोनदा ठरवलं की आज हिला बसवून विचारायचं. पण रात्री बसले की तोंड उघडायचं त्राण राहत नव्हतं. म्हटलं, उद्या बघू." आई दोन पावलं पुढे आली. "आज बूट हातात घेऊन भिंतीकडून आलीस. तिथे असतेस होय? डॉक्टरांच्या घरात?"

"झोपते," धाकटी म्हणाली. "दुसरं काही नाही करत. नुसती झोपते."

आई जवळ आली. दोघींच्या मध्ये हातभर रुंदीची चादर उरली. आता बोलणी बसणार, म्हणून धाकटी नजर खाली लावून उभी राहिली. आईने तिच्या हातातली टोकं आपल्या हातात घेतली, पण शेवटची घडी घालायचं राहूनच गेलं.

"झोप लागते तिथे?" आईने विचारलं.

"लागते."

"गाढ?"

"हं."

आईने चादर टेबलावर ठेवली. ढिगाकडे तोंड करून, जरा अवघडून, ती म्हणाली, "मला एकदा नेशील?"

बुधवारी नेलं. त्या दिवशी लाँड्रीत बांबू आणि रेडिओ होते. त्यांना सक्त ताकीद होती की गिऱ्हाइकाला "काकू आत आहेत" एवढंच सांगायचं, त्यापुढे रेडिओने एक शब्द जोडायचा नाही. भिंतीशी बांबूने स्टूल लावून ठेवलं होतं. आई भिंतीवर चढून वर बसली आणि उतरायच्या आधी उगाचच दोन मिनिटं तिथेच बसून राहिली.

खुर्चीत ती दात काढायला आल्यासारखी ताठ बसली. चपला काढू का म्हणाली. कातडं खराब नाही ना होणार म्हणाली. मग पाय वर घेतले, पण बोलणं थांबेना. लॉजचे टॉवेल वेगळे ठेवायला सांग त्यांना, त्या ड्रायरचं दार लाथ मारल्याशिवाय लागत नाही, आणि बांबूला म्हणावं की इस्त्री... इस्त्रीचं काय, ते आलंच नाही. धाकटीने तिच्यावर चादर टाकली, गजराची कळ वर केली आणि बाहेरच्या खोलीतलं पेशंटांचं बाक ओढून शेजारी बसली.

तिने आईला दिवसाउजेडी आडवं झालेलं कधी पाहिलं नव्हतं. आई लहान दिसत होती. पाय सुजलेले होते, टाचांना भेगा होत्या, तोंड थोडं उघडं. घोरतही होती, अगदी हळू. चादरीबाहेर दोन्ही हात होते, आणि झोपेतसुद्धा अंगठा आणि बोटांच्या चिमटीत चादरीची दोन टोकं घट्ट धरलेली होती. धाकटीने एक टोक हळूच सोडवून पाहिलं. बोटांनी ते पुन्हा शोधून धरलं.

घड्याळात चार वाजून अठ्ठावीस मिनिटं झाली. पाचला गठ्ठा यायचा होता. समोरच्या खिडकीत पोस्टमन मनगटावरचं घड्याळ काढून, कान देऊन बसले असतील.

धाकटीने वाकून गजराची कळ खाली दाबली.